द्राक्षावरची पांढरी पूड आणि मुंबई हायचं तेल

मुलांनो, उन्हाळा तोंडावर आला की तासगाव-सांगलीकडची द्राक्षं कुरुंदवाडच्या बाजारात येतात. या वेळी घड घरी आला की धुवायच्या आधी एक मणी हातात घ्या आणि उजेडात धरा. सालीवर पांढुरकी पूड दिसेल. बोट फिरवलं की तेवढीच साल चकचकीत होते. पुष्कळांना वाटतं, ही सगळी फवारणीच्या औषधाची पूड. औषधाचा अंश असू शकतो, त्यामुळे द्राक्षं धुऊनच खायची. पण ती पांढरी पूड मुळात द्राक्षानंच तयार केलेली असते. ते मेण आहे. उन्हात आतला रस सुकू नये म्हणून वेलीनं केलेली ती सोय आहे.

या मेणाचा निम्म्याहून मोठा भाग एकाच पदार्थाचा असतो. त्याचं नाव ओलिएनोलिक आम्ल. नाव अवघड आहे, पण पदार्थ ओळखीतला आहे. तो अंगणातल्या तुळशीच्या पानात असतो, मसाल्याच्या डब्यातल्या लवंगेतही असतो. त्याच्या रेणूचा सांगाडा पाच कड्यांचा असतो आणि अगदी हाच पाच कड्यांचा सांगाडा अरबी समुद्राच्या तळाखालून उपसलेल्या मुंबई हायच्या खनिज तेलात सापडतो! तिथे त्याला ओलिएनेन म्हणतात. ज्या झाडांनी तो बनवला, त्यांचं पान नाही उरलं, खोड नाही उरलं. रेणूचा सांगाडा तेवढा उरला, तोही काही कोटी वर्षं.

अशा रेणूंना बायोमार्कर म्हणतात. मराठीत जैवखुणा म्हणू या. तेल कधीच्या काळातलं आणि कुठल्या खडकातून आलं, हे शोधताना भूवैज्ञानिक या खुणा वाचतात.

आधी दगडांची वयं बघू. कुरुंदवाडच्या घाटावर, पंचगंगेच्या काठी तुम्ही ज्या काळ्या दगडावर बसता, तो बेसॉल्ट. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी महाराष्ट्रावर लाव्हाचे थरावर थर पसरले, ते थंड झाले आणि हा दगड तयार झाला. लाव्हाच्या खडकाचं वय काढायला वैज्ञानिकांकडे चांगलं साधन आहे. त्यातली किरणोत्सारी मूलद्रव्यं ठरावीक वेगानं बदलत जातात. किती बदलली ते मोजलं, की खडक केव्हा थिजला ते कळतं. तेलाचं तसं नाही. हाडांचं किंवा जुन्या लाकडाचं वय काढायची कार्बन-१४ची पद्धत तुम्ही ऐकली असेल. ती जास्तीत जास्त पन्नास हजार वर्षांपर्यंत चालते. कोट्यवधी वर्षांच्या तेलात मोजायला कार्बन-१४ शिल्लकच नसतो. म्हणून तेलाला दुसराच प्रश्न विचारावा लागतो: बाबा रे, तू तयार झालास तेव्हा पृथ्वीवर कोण कोण जिवंत होतं?

मला हा प्रश्न फार आवडतो. रेणू वर्षं मोजत नाही. तो फक्त साक्ष देतो, की मला अमुक जातीच्या जिवानं बनवलं. तो जीव पृथ्वीवर केव्हा अवतरला, हे दगडातल्या जीवाश्मांवरून आधीच माहीत असतं. दोन्ही एकत्र ठेवली की तेलाच्या वयाला कुंपण पडतं.

ओलिएनेनचंच घ्या. हा सांगाडा बनवणारी झाडं मुख्यतः सपुष्प, म्हणजे फुलं येणारी. आंबा, वड, ऊस, द्राक्ष, सगळी याच घराण्यातली. या झाडांचे सर्वांत जुने पक्के पुरावे आहेत सुमारे १३ कोटी वर्षांपूर्वीचे. १९९४ साली मोल्डोवान आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जगभरचे वेगवेगळ्या काळांतले खडक तपासले. जुन्या खडकांत ओलिएनेन जवळजवळ नाहीच. डायनासोरांच्या शेवटच्या काळात ते वाढू लागतं, आणि डायनासोर संपल्यानंतरच्या खडकांत तर भरपूर सापडतं. म्हणजे फुलझाडं पृथ्वीवर जशी पसरत गेली, तसतसं तेही खडकांत वाढत गेलं. तेव्हा एखाद्या तेलात ओलिएनेन खूप असेल, तर ते तेल फुलझाडांच्या भरभराटीनंतरचं असं धरायला हरकत नाही.

आता मुंबई हाय. मुंबईच्या पश्चिमेला सुमारे १६० किलोमीटरवर, भर समुद्रात, ‘सागर सम्राट’ नावाच्या जहाजानं १९७४ साली समुद्राचा तळ खणला आणि फेब्रुवारीत तेल लागलं. १९७६पासून ते काढायला सुरुवात झाली. तेल जिथे सापडतं तो आहे चुनखडीचा खडक, वय सुमारे दोन कोटी वर्षं. पण तेल त्या चुनखडीत जन्मलेलं नाही. ते जन्मलं आणखी खोल, जुन्या गाळाच्या खडकात. त्या थरांना पन्ना असं नाव आहे आणि ते पाच-सहा कोटी वर्षांपूर्वीचे. तिथून तेल फटीफटींतून वर सरकलं आणि चुनखडीच्या बारीक छिद्रांत येऊन अडकलं. या सगळ्यांच्या खाली, तळाला, बऱ्याच ठिकाणी काय आहे माहीत आहे? बेसॉल्ट! कुरुंदवाडच्या घाटाचा दगड ज्या लाव्हाच्या महापुरात जन्मला, त्यातलाच. तो आधी थिजला आणि त्यावर समुद्राचा गाळ साचत गेला. म्हणजे तेलाचा गाळ बेसॉल्टपेक्षा तरुण असायला हवा. तेलातलं ओलिएनेनही तेच म्हणतं. दगडाची साक्ष आणि रेणूची साक्ष अशी जुळते, तेव्हा भूवैज्ञानिकांना केवढा आनंद होत असेल!

पण झाडाचा रेणू समुद्रतळाखाली पोचला कसा? तुम्ही पूर पाहिला आहे. २०१९चा आणि २०२१चा तर शिरोळ तालुक्यातलं कुणी विसरणार नाही. पाणी ओसरल्यावर घराघरांतून जो चिकट काळा गाळ उपसावा लागतो, त्यात माती असते तशीच कुजकी पानं, काड्या, शेवाळ, सगळं असतं. नद्या हा गाळ समुद्रापर्यंत नेतात. त्यातलं बहुतेक जंतू खाऊन टाकतात. पण मेणातले आणि राळेतले रेणू चिवट, जंतूंनाही ते सहजासहजी पचत नाहीत. तळाशी प्राणवायू नसेल तर ते तसेच राहतात. वर नवा गाळ, त्यावर आणखी नवा. दोन-तीन किलोमीटर खोल गेल्यावर उष्णता शंभर अंशांच्या आसपास पोचते आणि लाखो वर्षांत गाळातल्या जैविक भागाचं तेल होतं. या प्रवासात रेणूला जोडलेले ऑक्सिजनचे अणू झडतात, पण कड्यांचा सांगाडा टिकतो.

पन्नाचा गाळ साचत होता तेव्हाचा भारत कसा होता, तेही एक नवलच. आपला भूभाग तेव्हा आशियाकडे सरकत होता, हवा उष्ण आणि दमट होती, आणि पश्चिम किनाऱ्यालगत घनदाट जंगलं होती. याचा पुरावा सुरत जिल्ह्यातल्या वस्तानच्या लिग्नाइट खाणीत मिळाला. तिथल्या सुमारे पाच कोटी वर्षं जुन्या थरांत राळेचे पिवळे-तांबूस गोळे सापडले आणि काहींत आख्खे किडे अडकलेले! आयआयटी मुंबईचे सूर्येंदु दत्ता आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अशा राळेतले रेणू तपासले. ते निघाले साल वृक्षाच्या कुळातल्या झाडांचे. पूजेच्या धुपासाठी जी राळ दुकानात मिळते, तीही याच कुळातल्या झाडांची.

तेलाच्या एका थेंबात हजारो जातींचे रेणू असतात. त्यातून एक हुडकायचा कसा? त्यासाठी एक नळी असते. आतलं भोक पाव मिलिमीटरचं आणि लांबी तीस ते साठ मीटर! वेटोळं करून ती एका छोट्या भट्टीत बसवलेली असते. तेलातल्या रेणूंची वाफ करून हेलियम वायूबरोबर त्या नळीतून पाठवतात आणि भट्टी हळूहळू तापवत नेतात. नृसिंहवाडीला दत्तजयंतीच्या गर्दीत बघा, कुणी सरळ चालत सुटतं आणि कुणी प्रत्येक पेढ्याच्या दुकानाशी थबकतं, म्हणून एकदम निघालेली माणसं देवळापाशी वेगवेगळ्या वेळी पोचतात. नळीतही तसंच. आतल्या लेपाशी जे रेणू जास्त घुटमळतात ते उशिरा बाहेर येतात. बाहेर आल्यावर दुसरं यंत्र प्रत्येक रेणूवर इलेक्ट्रॉनांचा मारा करून त्याचे तुकडे करतं आणि ते तुकडे तोलतं.

यात खरी गंमत आहे ती एका जोडगोळीची. ओलिएनेनमध्ये कार्बनचे ३० आणि हायड्रोजनचे ५२ अणू. वही काढा: कार्बनचं वजन १२, हायड्रोजनचं १. तीस गुणिले बारा ३६०, त्यात ५२ मिळवा. झाले ४१२. आता होपेन नावाचा दुसरा रेणू घ्या. तो मुख्यतः जिवाणूंकडून येतो, त्यांच्या पेशींच्या आवरणाला मजबुती देणाऱ्या पदार्थापासून. त्यातही कार्बन ३०, हायड्रोजन ५२. वजन तेच, ४१२! मोडल्यावर दोघांचा ठळक तुकडाही सारखाच, १९१ वजनाचा. मग एक झाडाचा आणि एक जिवाणूचा, हे ओळखायचं कसं? फरक शेवटच्या कड्यात आहे. ओलिएनेनची पाचही कडी षटकोनी. होपेनची चार षटकोनी आणि पाचवं पंचकोनी. एवढ्याशा फरकामुळे ओलिएनेन नळीतून होपेनच्या किंचित आधी बाहेर पडतं. कागदावर दोन सुळके शेजारी-शेजारी उमटतात. जिवाणू सगळ्या काळांत होतेच, त्यामुळे होपेनचा सुळका बहुतेक तेलांत असतो. त्याच्या शेजारी ओलिएनेनचा सुळका किती उंच, ते बघायचं.

इथे घाई मात्र करायची नाही. ओलिएनेन नाही म्हणून तेल पुराणकाळचं, असं म्हणता येत नाही. कदाचित तो गाळ किनाऱ्यापासून खूप दूर, खोल समुद्रात साचला असेल आणि झाडांची पानं तिथवर पोचलीच नसतील. म्हणून एका साक्षीवर निकाल द्यायचा नाही. राजस्थानच्या वाळवंटात बाघेवाला इथे जाड, डांबरासारखं तेल सापडलं. १९९५ साली केनेथ पीटर्स आणि सहकाऱ्यांनी त्याच्या अनेक जैवखुणा एकत्र ताडून पाहिल्या. त्या जुळल्या ओमान आणि पूर्व सायबेरियातल्या अतिप्राचीन तेलांशी. ते तेल पन्नास कोटी वर्षांहूनही जुन्या गाळातलं! तेव्हा फुलं सोडाच, जमिनीवर झाडंच नव्हती. एकाच देशात मुंबई हायचं तेल आणि बाघेवालाचं तेल, पण दोघांच्या वयात जवळजवळ दहापटींचं अंतर.

जैवखुणा वाचताना आणखी एक धोका असतो, नमुन्यात आजचं तेल मिसळण्याचा. १९९९ साली ऑस्ट्रेलियातल्या २७० कोटी वर्षं जुन्या खडकात प्रगत पेशींच्या जैवखुणा सापडल्याचं जाहीर झालं. जगभर खळबळ उडाली. जीवसृष्टीचा इतिहासच मागे न्यावा लागणार होता! त्या संशोधनात योखेन ब्रॉक्स हे मुख्य होते. पुढे २००८ साली ब्रॉक्स आणि इतरांनीच दाखवून दिलं, की ते रेणू खडकाइतके जुने नाहीत, नंतर शिरलेले आहेत. मग अत्यंत स्वच्छ पद्धतीनं नव्यानं खडक खणून काढले. त्यात त्या खुणा सापडल्याच नाहीत. हा निष्कर्ष २०१५ साली प्रसिद्ध झाला. यंत्राला लावलेलं वंगण, हाताळणाऱ्याचा हात, प्लॅस्टिकची पिशवी, कशातूनही तेलकट रेणू नमुन्यात शिरू शकतात. आपलाच गाजलेला शोध तपासून तो मागे घेणारे ब्रॉक्स मला तो शोध लावणाऱ्या ब्रॉक्सइतकेच मोठे वाटतात.

जैवखुणांचे रेणू गाठायला समुद्रात खणायला नको. कच्च्या तेलातून पेट्रोल-डिझेल काढून घेतल्यावर जड गाळ उरतो, त्याचंच डांबर होतं. होपेनसारखे जड रेणू त्यात राहतात. म्हणजे कुरुंदवाडहून नृसिंहवाडीला जाणाऱ्या डांबरी रस्त्यातही ते आहेतच.

आणि सुट्टीत कोकणात किंवा गोव्याला गेलात तर आणखी एका ठिकाणी भेटतील. पावसाळ्याच्या सुमारास वाळूवर काळे, मऊ गोळे येऊन पडतात. समुद्रात सांडलेलं तेल लाटांनी घुसळून त्यांचे गोळे होतात. हे तेल कुणाचं? गोव्यात दोनापावला इथे राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आहे. तिथल्या वैज्ञानिकांनी किनाऱ्यावरचे गोळे गोळा करून त्यांतल्या जैवखुणा वेगवेगळ्या तेलांशी ताडून पाहिल्या. काही गोळे मुंबई हायच्या तेलाशी जुळले. काही जुळले थेट आग्नेय आशियातल्या तेलाशी, म्हणजे ते तेलवाहू जहाजांतून पडलेलं. सांडणाऱ्याची सही त्या गोळ्यातच असते.

असा गोळा पायाला चिकटला तर पाण्यानं घासत बसू नका, तो निघणार नाही. थोडं खोबरेल तेल चोळा आणि फडक्यानं पुसा. हे रेणू पाण्यात विरघळत नाहीत, तेलात मात्र लगेच विरघळतात.