माणसं उणी, काम दुणं

२००१ ते २०११ या दशकात महाराष्ट्राची लोकसंख्या १६ टक्क्यांनी वाढली. त्याच दशकात राज्यातले तीन जिल्हे मात्र आकसले: रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि मुंबई शहर. या तिघांचं नातं जुनं आहे. १८८१च्या खानेसुमारीतच मुंबईत राहणारे, पण रत्नागिरीत जन्मलेले लोक लाखाहून अधिक भरले होते. आधी पलटण आणि गोदी, मग कापडगिरण्या, आणि दर महिन्याला गावी येणारी मनिऑर्डर. जानेवारी १९८२मध्ये सुरू झालेल्या कामगारांच्या संपानंतर गिरण्या मोडल्या, पण चाकरमानी फारसा गावी परतला नाही. लालबाग-परळ सोडून तो विरार, नालासोपारा, डोंबिवली, बदलापूरकडे सरकला. गावही रितं राहिलं आणि गिरणगावही.

२००१ साली रत्नागिरी जिल्ह्यात १६,९६,७७७ माणसं होती, २०११ साली १६,१५,०६९. म्हणजे ८१,७०८ माणसं कमी. २०११ साली दर चौरस किलोमीटरला राज्यात सरासरी ३६५ लोक राहत होते, रत्नागिरीत १९७. साडेआठशेच्या आसपास ग्रामपंचायती आणि साडेतेरा लाखांची ग्रामीण वस्ती असा हिशेब केला, तर एका ग्रामपंचायतीच्या वाट्याला सरासरी सोळाशे माणसं येतात. प्रत्यक्षात कित्येक पंचायतींत त्याहून खूपच कमी आहेत, आणि दोन-तीन छोटी गावं मिळून एक गट ग्रामपंचायतही चालते.

देशावरचं गाव एका पांढरीत दाटीनं वसतं. कोकणातलं गाव वाड्यांनी विखुरलेलं असतं. एक वाडी खाडीकाठी, एक डोंगरउतारावर, एक वर जांभ्याच्या सड्यापलीकडे. मधे वहाळ, साकव, पाखाड्या. वाडीतल्या चाळीस घरांपैकी पंचवीस बंद झाली, तरी उरलेल्या पंधरांना रस्ता हवा, दिवा हवा, नळाला पाणी हवं. विहीर खाली, वस्ती वर. पंप तेवढाच लागतो आणि विजेचं बिल कुलपांना वाटून देता येत नाही. जिल्ह्यात तीन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो, पण जांभा पाणी धरत नाही. म्हणून एप्रिल-मे महिन्यांत अनेक वाड्यांना टँकरची वाट पाहावी लागते.

विरळ वस्तीचा कारभार जगात इतरत्र कसा चालतो, ते पाहण्याजोगं आहे. कॅनडाच्या सस्कॅचेवान प्रांतातली गवताळ मैदानं १८७२च्या कायद्यानं वसवली गेली. दहा डॉलर शुल्क भरायचं आणि १६० एकर जमीन कसून स्वतःची करायची. १९३०च्या दशकातल्या दुष्काळानं आणि नंतरच्या यंत्रशेतीनं तिथली खेडी रिकामी केली. आज त्या प्रांतात २९६ ग्रामीण नगरपालिका आहेत. त्यांतल्या बऱ्याच आठशे चौरस किलोमीटरच्या घरातल्या, आणि काहींत माणसं जेमतेम काही शे. तरीही त्या रस्ते राखतात, बर्फ हटवतात, आगीचा बंब ठेवतात. कारण त्यांच्या उत्पन्नाचा मोठा भाग जमिनीवरच्या करातून येतो. माणूस शहरात गेला, तरी शेत कर भरतच राहतं.

आपल्याकडे जमीन महसूल हा राज्याचा विषय. ग्रामपंचायतीच्या हाती उरते ती प्रामुख्यानं घरपट्टी आणि पाणीपट्टी. बंद घराची घरपट्टी कागदावर चढत जाते. मालक चौघे भाऊ, चौघे चार उपनगरांत. वरून येणाऱ्या निधीचं मापही मुख्यतः डोक्यांचंच. पंधराव्या वित्त आयोगानं स्थानिक संस्थांचा पैसा राज्यांमध्ये वाटताना लोकसंख्येला ९० टक्के आणि क्षेत्रफळाला १० टक्के वजन दिलं. पंचायतीची सदस्यसंख्या लोकसंख्येवर ठरते, सरपंचाचं मानधनही. छोट्या गावांत तर एकच ग्रामसेवक दोन-दोन पंचायती सांभाळतो.

शाळेचंही तेच. प्राथमिक शाळा घरापासून एक किलोमीटरच्या आत असावी, असं शिक्षणहक्काचा नियम सांगतो. वीसपेक्षा कमी पटाच्या शाळा एकत्र करून समूह शाळा कराव्यात, असा विचार राज्यात २०२३ साली पुढे आला. नकाशावर दोन वाड्यांमधलं अंतर थोडं दिसतं. आषाढात वहाळ भरून वाहू लागला की सहा वर्षांच्या पोराला ते पार करता येत नाही.

मग गाव चालवतं कोण? २०११च्या गणनेत रत्नागिरीत हजार पुरुषांमागे ११२२ स्त्रिया होत्या. भात लावणं, गुरं राखणं, म्हाताऱ्यांचं औषधपाणी त्याच बघत आल्या. २०११पासून पंचायतींत स्त्रियांना ५० टक्के आरक्षण मिळालं, तेव्हा त्या करत होत्या त्या कारभाराला निदान खुर्ची तरी मिळाली. आंब्याच्या बागा राखायला आता नेपाळी कामगार येतात. वरकस जमीन पड राहते, कारण सातबाऱ्यावर सहहिस्सेदारांची रांग असते आणि पेरलं तर वानर-रानडुकरं ठेवत नाहीत. माणूस दिसत नाही म्हणून सडा ओसाड समजला जातो. पण कशेळी, देवीहसोळ, उक्षी, बारसूच्या सड्यांवरची कातळशिल्पं २०२२ साली युनेस्कोच्या तात्पुरत्या यादीत गेली. विरळ म्हणजे रिकामं नव्हे.

याच गावाचा दुसरा अर्धा भाग मुंबईत आहे. जवळजवळ प्रत्येक गावाचं मुंबई मंडळ असतं. गणपतीला आणि शिमग्याला घरं उघडतात, पालखी खांद्यावर नाचते, देवळाचा सभामंडप वर्गणीतून उभा राहतो. नळपाणी योजना मात्र पंचायतीवर सोडली जाते.

येत्या जनगणनेची संदर्भ तारीख १ मार्च २०२७ आहे. शिमगा त्यानंतर येतो, म्हणजे मोजणीच्या वेळी अनेक घरं बंदच असतील. आकडा कदाचित आणखी खाली जाईल आणि त्याबरोबर निधीही. म्हणून दोन गोष्टी व्हायला हव्यात. निधी वाटताना शासनानं डोक्यांइतकंच वजन वाड्यांच्या संख्येला, अंतराला आणि चढाला द्यावं. आणि चाकरमान्यांनी सभामंडपाची पावती फाडताना त्याच फेरीत घरपट्टीची थकबाकीही भरावी. सणाला आलात की ग्रामपंचायतीच्या कार्यालयात एकदा डोकावा आणि आपल्या बंद घराचा आकडा विचारा.