घरच्या कॅमेऱ्याला कमी लेखू नका!

नवा अँड्रॉइड फोन हातात आला की आपण काय करतो? दोन-चार कॅमेरा अ‍ॅप्स डाऊनलोड! फोनबरोबर आलेलं अ‍ॅप बिचारं कोपऱ्यात. पण बॉस, जरा थांबा. ते त्या फोनसाठीच बेतलेलं असतं. बटण तुम्ही एकदा दाबता. ते मात्र पटापट अनेक फ्रेम्स टिपून त्यांतून एक फोटो जुळवतं. पिक्सेलवर २०१८मध्ये आलेल्या ‘नाइट साइट’ची जादू हीच. बाहेरच्या अ‍ॅपला कंपनी जेवढं दार उघडते, तेवढंच मिळतं. म्हणून कधी वाइड लेन्स गायब, तर कधी नाइट मोड!

हे अ‍ॅप सिस्टिमचाच भाग असल्यानं सहसा अनइन्स्टॉल होत नाही, फार तर डिसेबल होतं. तेही नकोच. २०२०च्या अँड्रॉइड ११पासून, स्वतःचा कॅमेरा नसलेल्या अ‍ॅपनं ‘फोटो काढून दे’ म्हटलं, की सिस्टिम सहसा यालाच पुढे करते. का? फोटोत दडलेलं लोकेशन भलत्याच्या हाती लागू नये म्हणून.

तरी एक काम आजच करा. कॅमेरा सेटिंग्जमध्ये लोकेशन टॅग ऑन असेल, तर घरात काढलेल्या फोटोत घराचे अक्षांश-रेखांश नोंदले जातात. जुना सोफा विकायला ओरिजिनल फाइल कुणा अनोळखी माणसाला मेल केलीत, तर सोफ्याआधी तुमचा पत्ताच त्याच्या घरी पोचतो! तेव्हा तो स्विच ऑफ. मग करा बिनधास्त क्लिक!