न बिघडलेल्या यंत्राची गोष्ट

कारखान्यात शाबासकी कोणाला मिळते, हे मी वीस वर्षे पाहिले आहे. मध्यरात्री यंत्र बंद पडते, फिटरला झोपेतून उठवून आणतात, आणि पहाटे चाक फिरू लागले की साहेब त्याची पाठ थोपटतात. ज्याचे यंत्र वर्षभर कुरकुरले नाही, तो मात्र "याला काम तरी काय असते!" या शेऱ्याचा धनी. आमच्याकडे असाच एक कसबी तेलवाला 'जादा माणूस' ठरवून कमी केला. चार महिन्यांत दोन बेअरिंगे जळाली.

या उफराट्या न्यायाला ज्यांनी उत्तर दिले, त्यांत जपानचे सेइची नाकाजिमा मला थोर वाटतात. यंत्र बिघडण्याआधीच ठरल्या वेळी त्याची देखभाल करावी, ही कल्पना जपानने १९५१ च्या सुमारास अमेरिकेकडून घेतली. पण तीत एक मेख होती. चालवणारा म्हणे, माल काढणे माझे. फिटर म्हणे, दुरुस्ती माझी. मधल्यामध्ये यंत्र पोरके! शिवाय वेळापत्रक आले म्हणून यंत्र उघडणे हिताचेच असते, असेही नाही. दुसऱ्या महायुद्धात वॉडिंग्टन या ब्रिटिश जीवशास्त्रज्ञाने पाणबुड्यांचा माग काढणाऱ्या विमानांच्या नोंदी तपासल्या, तो काय, दर पन्नास तासांच्या तपासणीनंतर बिघाड उलट वाढलेले! धडधाकट माणसाला उगाच जुलाब द्यावा, तशातली गत.

नाकाजिमांनी देखभालीचा पहिला वाटा यंत्र चालवणाऱ्याच्याच हाती दिला. टोयोटाला सुटे भाग पुरवणाऱ्या निप्पॉनडेन्सो कंपनीने ही पद्धत राबवली आणि १९७१ साली त्याबद्दल पारितोषिक मिळवले. पद्धत म्हणाल तर साधी: पुसा, तेल द्या, नट आवळा. पण पुसणे म्हणजेच तपासणे, ही त्यातली खुबी. फडके फिरवताना सैल बोल्ट बोटाला लागतो, बेअरिंग कोमट लागते, तेलाचा ओघळ कोठून आला ते दिसते. जे आवरेल ते चालवणाऱ्याने करावे, उरलेल्या जागी चिठ्ठी बांधून फिटरला कळवावे.

हिशेबही त्यांनी कडक मांडला. यंत्र ठरल्या वेळेच्या ९० टक्के चालले, वेग ९५ टक्के राहिला आणि माल ९९ टक्के चांगला निघाला, तरी गुणाकार जेमतेम ८५ टक्के येतो.

आपल्याकडे काही ठिकाणी या पद्धतीचे फलक तेवढे लागलेले मी पाहिले. कामगाराला फडके दिले, पण यंत्र थांबवावयास दहा मिनिटे दिली नाहीत. चालत्या यंत्रावर फडके फिरवले की ते आत ओढले जाते, आणि त्याबरोबर बोटेही.