कौलाच्या पोटातला लेख

बेळगावहून चोर्ल्याच्या वाटेनं गोव्याला निघालेली माणसं जांबोटीत चहापुरती थांबतात. जुन्या वास्तू बघायच्या तर याच खानापूर तालुक्यातलं हलशी गाठायचं, असा रिवाज. तो चुकीचा नाही. हलशी म्हणजे कदंबांची पलाशिका. तिथल्या भूवराह-नरसिंह मंदिरात दोन गाभारे समोरासमोर आहेत. मधल्या मंडपात उभं राहिलं की एका देवाकडे पाठ केल्याशिवाय दुसऱ्याचं दर्शन होत नाही. शिलालेखातलं वर्ष कलियुगाचं, ४२७०, म्हणजे इ. स. ११६९. पाच वर्षांनी शिवचित्त पेरमाडीची राणी कमलादेवी हिनं कित्तूरजवळच्या देगावात ओळीनं तीन गाभाऱ्यांचं कमलनारायण मंदिर उभारलं. तिथे तर कारागिराचंही नाव टिकलंय: तिप्पोज.

जांबोटीकडच्या घरांना असा धनी नाही. इथला खरा कारागीर पाऊस. कणकुंबीला मलप्रभा उगम पावते आणि तिथून खाली हा सगळा पट्टा मृगापासून भिजत राहतो. म्हणून भिंत जांभ्याची किंवा मातीची, छप्पर चांगलं उतरतं आणि वळचण इतकी खाली की उंच माणसानं वाकूनच सोप्यात यावं. पागोळ्या भिंतीपासून लांब पडल्या पाहिजेत. शोभेचं नंतर बघू. जांभा खाणीतून निघतो तेव्हा मऊ, सहज तासता येतो, वारा-ऊन लागलं की घट्ट होतो. मातीच्या भिंतीचं तसं नाही. तिच्यात एकदा झड शिरली की संपलं.

छपरावर आधी कुंभाराची नळ्याची कौलं असत. चाकावर मातीचा नळा ओढायचा, ओला असतानाच उभा चिरायचा, मग भट्टी. ती नुसती एकमेकांवर टेकलेली. माकडं धावली की सरकायची. म्हणून दर उन्हाळ्याच्या शेवटी शाकारणी. १८६५ साली मंगळूरला बासेल मिशनच्या प्लेब्स्टनं खाचेत खाच बसणाऱ्या चपट्या कौलांचा कारखाना काढला. पुढे खानापूरच्या मातीनंही तेच वळण घेतलं, आणि सीमाभागात खानापुरी कौल हा शब्द घराघरात गेला.

या कौलांवर कारखान्याचं नाव उठवलेलं असतं. घरांचे शिलालेख म्हणायचे तर हेच, फक्त ते वाचायला कौल उलटावं लागतं. त्यातही फसगत आहे. बासेल मिशनच्या कित्येक कौलांवर १८६५ हा आकडा दिसतो; तो कारखाना निघाल्याचा, घर बांधल्याचा नव्हे. तेवढ्यावरून घराला दीडशे वर्षांचं करणारे हौशी अभ्यासक मला भेटलेत, आणि एकदा मीही त्यांच्यातलाच होतो. घराचं वय काढायचं तर वासे, रिपा, खुंट्या बघाव्यात. आणि गोठ्यावर नजर टाकावी: मोठ्या घरावरून उतरवलेले नळे बऱ्याचदा तिथेच, गुरांच्या डोक्यावर, अजून पाऊस झेलत असतात.