बंद दारांची सहा वर्षे

मध्ययुगीन युरोपच्या जीवनात चर्चचे स्थान काय होते, हे सांगताना बहुतेक पुस्तके कॅथीड्रल, मठ आणि धर्मयुद्धे यांची वर्णने करतात. मला मात्र त्याचे उत्तर चर्च बंद पडल्याच्या एका हकिगतीत सापडले.

मी इतिहासाचा पदवीधर नाही. नोकरी सांभाळून, मिळेल ते वाचत या विषयाकडे आलो. ‘इंटरडिक्ट’ हा शब्द पहिल्यांदा भेटला तेव्हा मी त्याचा अर्थ ‘वाळीत टाकणे’ असा लावून मोकळा झालो. त्याला कारण घरचेच होते. माझ्या पणजोबांच्या घराला भावकीने वाळीत टाकले होते. पाणवठा बंद, न्हावी बंद, सोयरीक बंद. पणजी वारली तेव्हा खांदा द्यायला गावातून कोणी आले नाही. दोन मुलगे आणि दोन जावई यांनीच तिरडी उचलली. आजीकडून ही गोष्ट अनेकदा ऐकली होती. सबंध देशच वाळीत पडला तर काय होत असेल, या कुतूहलाने मी पुढे वाचत गेलो.

हा देश म्हणजे इंग्लंड. १२०५ साली कँटरबरीचा आर्चबिशप ह्यूबर्ट वॉल्टर मरण पावला. हे इंग्लंडमधील चर्चचे सर्वोच्च पद. तिथल्या मठवासीयांनी गुपचूप आपल्यातलाच एक माणूस निवडला. जॉन राजाने आपल्या मर्जीतल्या बिशपचे नाव पुढे रेटले. पोप तिसरा इनोसंट याने दोघांनाही नाकारून स्टीफन लँग्टन या विद्वानाची निवड करवून घेतली. राजाने लँग्टनला देशात पाऊल ठेवू दिले नाही. तेव्हा पोपने इंटरडिक्टचे शस्त्र उपसले. मार्च १२०८ मध्ये बंदी जाहीर झाली आणि ती उठली जुलै १२१४ मध्ये. सहा वर्षे आणि वर तीन महिने.

बंदी म्हणजे नेमके काय बंद? लोकांसाठीची मिस्सा थांबली, म्हणजे रविवारची सामुदायिक उपासना गेली. ईस्टरला वर्षातून एकदा मिळणारे कम्युनियन गेले. बंदीच्या काळात सात ईस्टर तसेच आले आणि गेले. अर्भकांचा बाप्तिस्मा आणि मरणाऱ्याचे पापनिवेदन मात्र चालू ठेवण्यात आले, कारण त्यांवाचून आत्म्याचा घात होतो अशी श्रद्धा होती. लग्नेही होऊ शकत होती. तत्कालीन धर्मकायद्यानुसार वधूवरांची परस्परसंमती हाच विवाहाचा गाभा होता, पुरोहित नसला तरी विवाह ग्राह्य ठरे.

सर्वांत मोठा घाव बसला तो मृतांवर. पवित्र केलेल्या भूमीत दफन करायला मनाई झाली. हे समजून घ्यायचे तर तेव्हाचे गाव डोळ्यांसमोर आणायला हवे. गावाच्या मध्ये चर्च, चर्चभोवती दफनभूमी. दर रविवारी माणूस आपल्या आईबापांच्या थडग्यांजवळून आत जाई आणि त्यांच्यासाठी प्रार्थना करी. मृत आत्मा शुद्धीच्या यातना भोगत असतो आणि जिवंतांच्या प्रार्थनेने त्याला उतार पडतो, ही समजूत सर्वत्र रुजलेली होती. मठांना लोक जमिनी देत, त्याही बऱ्याचदा याच प्रार्थनांसाठी. गावाच्या हिशेबात मेलेली माणसेसुद्धा रहिवासीच होती. आता त्यांना गावाबाहेर काढले गेले. सेंट ऑल्बन्स मठाचा इतिवृत्तकार रॉजर ऑफ वेंडोव्हर लिहितो की, शहरांतून, गावांतून प्रेते बाहेर नेऊन वाटांच्या तिठ्यांवर, चरांमध्ये, प्रार्थनेवाचून, कुत्र्यांसारखी पुरली गेली. वेंडोव्हरने हे काही वर्षांनी लिहिले आणि जॉनविषयी त्याचे मत कडवट होते, हे लक्षात ठेवूनच त्याला वाचावे. पण दफनाची मनाई खरी होती.

राजाने काय केले? त्याने चर्चच्या मालमत्तेवर टाच आणली. पुरोहितांना अविवाहित राहण्याचा नियम होता, तरी अनेकांच्या घरी स्त्रिया असत. राजाच्या माणसांनी त्या स्त्रियांना पकडून नेले आणि पैसे घेऊन सोडले. नोव्हेंबर १२०९ मध्ये खुद्द राजाला चर्चबाहेर काढण्यात आले, तरी तो बधला नाही. त्याच वर्षी पोपने मठांना आठवड्यातून एक मिस्सा बंद दाराआड करण्याची सवलत दिली. गावकऱ्यांना ती नव्हती.

राजा नमला तो १२१३ च्या मे महिन्यात. तेही प्रजेच्या हालांमुळे नव्हे. फ्रान्सचा राजा फिलिप स्वारीच्या तयारीत होता आणि घरचे सरदार बिथरले होते. जॉनने आपले राज्य पोपच्या चरणी ठेवून मांडलिकी पत्करली आणि वर्षाला हजार मार्क देण्याचे कबूल केले. जुलैत त्याला पापमुक्तीही मिळाली. इथे मी थबकलो. भांडण मिटले, अपराध्याला क्षमा झाली, तरी बंदी आणखी सुमारे वर्षभर चालूच राहिली! कारण चर्चच्या नुकसानभरपाईची घासाघीस संपली नव्हती. तेवढे वर्ष माणसे मरतच होती आणि अपवित्र जमिनीत जातच होती.

इतके होऊनही लोक ना राजावर उठले, ना चर्चवर. का? इथेच माझा पहिला अर्थ चुकला होता. वाळीत टाकलेल्या घराभोवती सगळा गाव उभा असतो. दुखते ते ‘आपण एकटे’ हे. इंटरडिक्टमध्ये सगळेच बाहेर होते. शेजाऱ्याचा बापही चरातच पुरलेला असल्यावर लाज वाटून घ्यायची कोणाची? दुःख होते, पण बेअब्रू नव्हती. पोपला वाटले असावे की प्रजेचा आक्रोश राजाला नमवील. तो आक्रोश उसळला नाही.

म्हणून चर्चची सत्ता कशात होती, याचे माझे उत्तर असे: जन्म, मरण आणि वर्षाचे सण यांच्या किल्ल्या तिच्या हाती होत्या. त्या किल्ल्यांनी दार उघडून तिने लोकांना जितके बांधून ठेवले, तितके दार बंद करून तिला साधले नाही. पुढच्याच वर्षी, नोव्हेंबर १२१५ मध्ये, याच तिसऱ्या इनोसंटने रोमला भरवलेल्या चौथ्या लॅटरन परिषदेने नियम केला की, प्रत्येक जाणत्या ख्रिस्ती माणसाने वर्षातून एकदा तरी पापनिवेदन करावे आणि ईस्टरला कम्युनियन घ्यावे. ज्या शेतकऱ्याला सात ईस्टर दाराबाहेर ठेवले, त्याच्यावर आता आत येण्याची सक्ती झाली. चरांत पुरलेल्या त्याच्या माणसांविषयी त्या नियमात एक शब्दही नाही.