भागिले आठ

६,३०० कोटी रुपये. आकडा लिहून होतो दोन सेकंदांत. पण सेकंदाला एक रुपया या वेगाने, दिवसरात्र न थांबता मोजत बसलं, तर मोजणी संपायला जवळजवळ २,००० वर्षं लागतील. सातवाहनांच्या काळात जुन्नरजवळच्या नाणेघाटात कुणी मोजायला बसला असता, तर तो आज कुठे शेवटच्या रुपयापाशी आला असता.

महाराष्ट्रातल्या अंगणवाड्यांना पोषण आहार पुरवण्याच्या कंत्राटाची ही रक्कम. मार्च २०१६ मध्ये निविदा निघाली, वाद कोर्टात गेला आणि २६ फेब्रुवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती सगळी प्रक्रिया रद्द करून नव्याने निविदा काढायला सांगितलं.

आता याच रकमेला ८ ने भागू. का, तर २०१७ साली केंद्राने एका बालकाच्या एका दिवसाच्या आहाराला ८ रुपये असा दर ठरवला. तेवढ्यात तेव्हा ५०० कॅलरी आणि १२ ते १५ ग्रॅम प्रथिनं बसवायची होती. एका अंड्यात प्रथिनं असतात साधारण ६ ग्रॅम.

सगळी रक्कम बालकांच्या वाट्याची धरली, तर भागाकार येतो एकेका दिवसाच्या आहाराचे ७८७ कोटी ५० लाख वाटे. २०१९ साली जगाची लोकसंख्या ७७० कोटींच्या आसपास होती. म्हणजे पृथ्वीवरच्या प्रत्येक माणसाच्या हातात एकेक वाटा ठेवूनही काही कोटी वाटे उरले असते.

एवढ्या मोठ्या कंत्राटांवरून भांडणं का होतात, हेही इथेच कळतं. प्रत्येक वाट्यामागे फक्त १ पैसा इकडचा तिकडे झाला, तरी ७ कोटी ८७ लाख ५० हजार रुपये होतात. एक पैसा! आज तो कुणी रस्त्यावर पडलेला उचलणारही नाही.

म्हणून निविदेतली अट म्हणजे निव्वळ कागदावरची ओळ नसते. कोण आत येणार आणि कोण बाहेर राहणार, हे ती ठरवते. ७ ऑक्टोबर २००४ रोजीच सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं होतं की, अंगणवाडीच्या आहारासाठी ठेकेदार नकोत. हे काम शक्यतो गावाकडे, बचत गटांकडे, महिला मंडळांकडे द्या. २०१६ च्या अटी मात्र गावातल्या दहा-वीस बायकांच्या गटाला बाहेर ठेवणाऱ्या आणि मोठ्या पुरवठादारांच्या सोयीच्या आहेत, असं कोर्टाला आढळलं.

रक्कम लहान असो वा मोठी, तत्त्व एकच. मुंबई विमानतळावरचं एक रेस्टॉरंट आणि दोन स्नॅक बार चालवायला देण्याचा वाद १९७९ साली सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाला. बोली होती महिना ६,६६६ रुपये ६६ पैशांची. स्वतः घातलेली अट सरकारी यंत्रणेला स्वतःच मोडता येणार नाही, असं तेव्हा ठरलं. त्या भाड्याने ६,३०० कोटी जमवायला ७ लाख ८७ हजार ५०० वर्षं लागली असती. तरीही दोन्हीकडे प्रश्न तोच होता: सगळ्यांना सारखी संधी मिळाली का?

पण मला सगळ्यात मोठा वाटतो तो आकडा रुपयांत नाही. मार्च २०१६ ते २६ फेब्रुवारी २०१९ म्हणजे १,००० हून जास्त दिवस. आईच्या पोटात राहिल्यापासून दोन वर्षांचं होईपर्यंतचे बाळाचे पहिले हजार दिवस शरीर आणि मेंदू घडण्याचे, असं डॉक्टर सांगतात. अंगणवाडीताई दर महिन्याला बाळाला वजनकाट्याच्या झोळीत ठेवते, काटा थरथरून थांबतो आणि वाढीच्या तक्त्यावर एक ठिपका उमटतो. निविदेपासून निकालापर्यंत असे ३५ ठिपके होतात. या निविदेतला घरपोच आहार सहा महिने ते तीन वर्षांच्या बाळांसाठी असतो. निविदा निघाली तेव्हा सहा महिन्यांचं असलेलं बाळ निकाल लागेपर्यंत त्या वयातून बाहेर पडलेलं होतं. कोर्ट निविदा रद्द करू शकतं, पण ते वय परत आणू शकत नाही.

निविदा पहिल्याच दिवशी न्याय्य असायला हवी, ती यासाठी. यापुढे पोषण आहाराच्या कंत्राटाची बातमी वाचाल, तेव्हा कोटींच्या आकड्यापाशी थांबू नका. त्याला ८ ने भागा आणि जवळच्या अंगणवाडीत जाऊन त्या ८ रुपयांचं काय झालं ते बघून या.