‘सिस्टर, तुम्ही यात पडू नका’

बीड जिल्ह्यातल्या प्राथमिक आरोग्य केंद्रांत, ग्रामीण रुग्णालयांत, खासगी नर्सिंग होममध्ये एक वाक्य इतक्या अधिकारवाणीने बोललं जातं की ते एखाद्या परिपत्रकातच छापलेलं असावं असं वाटतं. ‘सिस्टर, तुम्ही यात पडू नका. कळवायचं की नाही ते डॉक्टर बघतील.’

प्रसंग बहुतेक वेळा ठरलेला असतो. पंधरा-सोळा वर्षांची गरोदर मुलगी नाव नोंदवायला येते. सोबत सासू. वय विचारलं की ‘एकोणीस’ हे उत्तर सासूच देते, आणि आधार कार्ड नेमकं घरी राहिलेलं असतं. सिस्टरला शंका येते, ती इन्चार्जला सांगते, आणि वरचं वाक्य ऐकून पुन्हा बीपी घ्यायला लागते.

गैरसमज: कळवण्याची जबाबदारी डॉक्टरांची. नर्सने फक्त ऑर्डर पाळायची.

वस्तुस्थिती: पोक्सो म्हणजे बालकांचे लैंगिक अपराधांपासून संरक्षण अधिनियम, २०१२. त्याच्या कलम १९ मध्ये ‘डॉक्टर’ नाही, ‘कोणतीही व्यक्ती’ आहे. मुलावर असा गुन्हा घडण्याची शक्यता ज्याला वाटते किंवा घडल्याचं ज्याला समजलं आहे, त्याने विशेष बाल पोलीस पथकाला किंवा स्थानिक पोलिसांना कळवलंच पाहिजे. ‘कोणतीही व्यक्ती’ यात मेट्रन येते, स्टाफ नर्स येते, एएनएम येते, आशाताई येतात, वॉर्डबॉयही येतो. कलम २१ प्रमाणे न कळवणाऱ्याला सहा महिन्यांपर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही. संस्थेच्या प्रमुखाने आपल्या हाताखालच्या माणसाचा गुन्हा दडवला तर एक वर्षापर्यंत कैद आणि दंड. ‘साहेबांनी नको म्हटलं’ हा बचाव या कायद्यात कुठेही लिहिलेला नाही.

कायदा कागदावर असतो, प्रत्यक्षात कोण बघतं, असं म्हणणाऱ्यांसाठी आपल्याच राज्यातलं प्रकरण आहे. चंद्रपूर जिल्ह्यातल्या राजुरा इथे शाळेच्या वसतिगृहातल्या आदिवासी मुलींवर अत्याचार झाले. मुलींवर उपचार करणाऱ्या डॉक्टरने माहिती असूनही पोलिसांना कळवलं नाही, असा आरोप ठेवून गुन्हा नोंदवला गेला. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने डॉक्टरविरुद्धचा तो गुन्हा रद्द केला. राज्य सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं. २ नोव्हेंबर २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने खंडपीठाचा आदेश फिरवला आणि माहिती असून न कळवणं हा गंभीर गुन्हा आहे, अनेकदा तो गुन्हेगाराला पाठीशी घालण्याचाच प्रकार असतो, असं स्पष्ट केलं. डॉक्टरची ही गत, तर डॉक्टरच्या भरवशावर गप्प बसलेल्या सिस्टरची काय होईल?

‘पण तिचं लग्न झालंय ना?’ हा याच गैरसमजाचा धाकटा भाऊ, आणि बीडमध्ये तोच जास्त घातक. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत (२०१९-२१) जिल्ह्यातल्या २० ते २४ वयाच्या महिलांपैकी चाळीस टक्क्यांहून जास्त जणींचं लग्न अठराच्या आत झालेलं होतं. राज्याचा आकडा सुमारे २२ टक्के. कारणं इथल्या माणसाला शिकवायला नकोत. ऊसतोडीला जोडी लागते, नवरा-बायको मिळून एक कोयता, आणि मुकादमाची उचल त्या हिशेबाने मिळते. वयात आलेल्या लेकीला सहा महिने गावात कुणाच्या भरवशावर ठेवायचं, ही आईबापांची भीतीही खोटी नाही. कारणं कळतात, म्हणून गुन्हा पुसला जात नाही. ११ ऑक्टोबर २०१७ च्या ‘इंडिपेंडंट थॉट’ निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की अठरा वर्षांखालच्या पत्नीशी शरीरसंबंध हा बलात्कार आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेतही तेच आलं. पोक्सोत तर लग्नाची सवलत नव्हतीच. म्हणजे सोळा वर्षांच्या मुलीचं पोट दिसत असताना, मंगळसूत्र आहे की नाही या प्रश्नाला कायद्याच्या दृष्टीने काही अर्थ नाही.

लग्नाच्या शिक्क्याने मुली सुरक्षित होतात हा समज किती पोकळ आहे, ते अंबाजोगाई परिसरातल्या एका अल्पवयीन, विवाहित आणि गरोदर मुलीच्या तक्रारीने नोव्हेंबर २०२१ मध्ये देशाला दिसलं. अनेकांनी अत्याचार केल्याचं तिने सांगितलं, आणि आपली दाद आधी घेतली गेली नाही हेही सांगितलं.

आता ‘शंका खोटी निघाली तर?’ सद्भावनेने माहिती देणाऱ्यावर दिवाणी किंवा फौजदारी कारवाई होत नाही, हे कलम १९ मध्येच आहे. शिक्षा आहे ती मुद्दाम, बदनामीसाठी खोटी तक्रार करणाऱ्याला. पुरावे गोळा करणं, नवऱ्याला शिक्षा व्हावी की नाही हे ठरवणं सिस्टरचं काम नाही. तो तपास पोलिसांचा आणि निवाडा न्यायालयाचा. ‘पुढच्या तपासणीला बघू’ हेही इथे चालत नाही. दसरा-दिवाळीनंतर टोळ्या निघतात; पुढच्या तपासणीच्या तारखेला ती मुलगी सांगली-कोल्हापूरकडच्या नाही तर कर्नाटकातल्या फडावर असते.

एक आक्षेप मात्र मनापासूनचा असतो, त्याला उडवून लावू नये. पोलिसांचं नाव निघालं की कुटुंब दवाखान्यात यायचंच बंद होईल, मुलगी घरी बाळंत होईल किंवा भोंदूकडून गर्भ पाडून घेईल. ही भीती न्यायालयानेही ओळखली आहे. २९ सप्टेंबर २०२२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की अल्पवयीन मुलगी गर्भपातासाठी आली आणि तिने व पालकाने विनंती केली, तर पोलिसांना कळवताना डॉक्टरने तिचं नाव आणि ओळख देण्याची गरज नाही. पालकाची लेखी संमती असेल तर अल्पवयीन मुलीला २४ आठवड्यांपर्यंत कायदेशीर गर्भपात मिळू शकतो. हे सिस्टरने त्या घाबरलेल्या आईला समजावून सांगितलं तर भोंदूचं एक गिऱ्हाईक कमी होईल.

मग करायचं काय? वजन किंवा लघवीच्या तपासणीच्या निमित्ताने मुलीला सासूपासून बाजूला घ्यायचं. दोन-तीन साधे प्रश्न विचारायचे, उलटतपासणी करायची नाही. ती जे बोलेल ते तिच्याच शब्दांत, तारीख आणि वेळ घालून केसपेपरवर आणि नर्सिंग नोट्समध्ये लिहायचं. डॉक्टरांना सांगून एमएलसी करून घ्यायची. डॉक्टर टाळत असतील तर तेही लिहायचं आणि स्वतः कळवायचं. कोर्टात वर्षांनंतर उभी राहते ती ही नोंद. त्या वेळी सिस्टरची बदली झालेली असते, मुलीची आठवण पुसट झालेली असते, आणि साहेबांना काहीच आठवत नसतं.

गैरसमज: मुलीची बदनामी होईल, म्हणून गप्प राहिलेलं बरं.

वस्तुस्थिती: या विचाराची किंमत एका नर्सनेच मोजली आहे. २७ नोव्हेंबर १९७३ रोजी मुंबईच्या केईएम रुग्णालयात अरुणा शानबाग यांच्यावर हल्ला झाला. लैंगिक अत्याचाराचा आरोप ठेवलाच गेला नाही. हल्लेखोराला शिक्षा झाली ती खुनाचा प्रयत्न आणि लुटीबद्दल, सात वर्षं. तो सुटून गेला, आणि अरुणाताई १८ मे २०१५ पर्यंत त्याच रुग्णालयात पडून राहिल्या. त्यांची सेवा केली ती केईएमच्या परिचारिकांच्या पिढ्यांनी. आज कायदा पीडितेची ओळख उघड करणाऱ्यालाच शिक्षा करतो. तेव्हा बदनामी टाळायचीच असेल तर स्टाफच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर केसपेपरचा फोटो टाकणं आधी थांबवा. आणि मुलीला रात्रभर ठाण्यात बसवतील ही भीतीही नको: कलम २४ प्रमाणे मुलाला रात्री पोलीस ठाण्यात ठेवता येत नाही, जबाब घेणारा अधिकारी गणवेशात नसतो.

बाकीचे गैरसमज थोडक्यात.

‘आधी एफआयआर आणा, मग तपासतो.’ नाही. उपचार आधी. बलात्कार आणि ॲसिड हल्ल्याच्या पीडितांवर तत्काळ मोफत उपचार आणि पोलिसांना खबर, हे खासगी दवाखान्यावरही बंधनकारक आहे. एचआयव्ही टाळण्याची औषधं ७२ तासांच्या आतच सुरू व्हावी लागतात.

‘अंगावर जखम नाही, म्हणजे काही झालं नाही.’ जखम नसणं हा अत्याचार झाला नसल्याचा पुरावा नाही. ‘टू-फिंगर टेस्ट’ करणं हे गैरवर्तन ठरेल, असं सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२२ मध्ये बजावलं आहे.

‘वळाच्या रंगावरून मार कधीचा ते सांगता येतं.’ डोळ्यांनी रंग पाहून दिवस सांगणं भरवशाचं नाही, हे संशोधनांच्या आढाव्यात दिसून आलं आहे. रंग, आकार, जागा लिहा. तारीख ठोकून देऊ नका.

‘बाळ आहे, पडलं असेल.’ जे बाळ अजून कुशीवरही वळत नाही, ते आपण होऊन कुठे पडणार? चार महिन्यांच्या आतल्या बाळाच्या अंगावरचा कोणताही वळ, आणि चार वर्षांखालच्या मुलाच्या छाती-पोटावर, कानावर, मानेवर असलेला वळ तपासलाच पाहिजे. मात्र कमरेवरचा जन्मजात निळसर डाग किंवा बिब्बा उतल्याचा फोड म्हणजे मारहाण नव्हे. तेही ओळखता आलं पाहिजे.

‘मोठ्या बाईला नवऱ्याने मारलं तरी तिला न विचारता पोलिसांत द्यायचं.’ इथे नियम वेगळा. सज्ञान बाईची इच्छा महत्त्वाची. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याच्या नियमांनुसार दवाखान्याचा प्रमुख घटना अहवाल भरून संरक्षण अधिकाऱ्याकडे पाठवतो. तिला १८१ क्रमांक द्या. मुंबईत वांद्र्याच्या भाभा रुग्णालयात २००० साली महापालिका आणि ‘सेहत’ संस्थेने ‘दिलासा’ केंद्र सुरू केलं, ते नर्सेसना हेच ओळखायला शिकवून.

‘अत्याचार घरात होतो, दवाखान्यात नाही.’ बीडने तरी हे म्हणू नये. २०१९ मध्ये डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीसमोर जी पाहणी आली, तीत जिल्ह्यातल्या सुमारे ८२ हजार ऊसतोड महिलांपैकी १३ हजारांहून अधिक जणींची गर्भपिशवी काढलेली होती. त्यांतली प्रत्येक शस्त्रक्रिया अनावश्यक होती असं नाही. पण भीती घालून घेतलेला संमतीपत्रावरचा अंगठा पहिल्यांदा दिसतो तो थिएटरच्या सिस्टरलाच, आणि तीही शंका जिल्हा शल्य चिकित्सकांपर्यंत लेखी गेली पाहिजे.

ड्युटीरूमच्या भिंतीवर लसीकरणाचं वेळापत्रक लावलेलं असतंच. त्याच्या शेजारी तीन नंबर लिहून ठेवा: मुलांसाठी १०९८, महिलांसाठी १८१, तातडीला ११२. यातला कुठलाही नंबर फिरवायला साहेबांची सही लागत नाही.